वाचक विचारतात : सीयूईटीचा इतिहास आणि आपलं बारावीचं पुस्तक

केंद्रीय विद्यापीठांमधल्या पदवीच्या प्रवेशांसाठी २०२२ पासून सीयूईटी ही सामाईक परीक्षा होते. राज्य मंडळाची मुलंही आता मोठ्या संख्येनं तिच्या वाटेला जाऊ लागली आहेत. या महिन्यातली बरीच पत्रं तिच्यातल्या इतिहास या विषयाबद्दल आहेत, म्हणून हे सदर त्यालाच दिलं आहे. एकाच आशयाची पत्रं एकत्र केली आहेत.

राज्य मंडळाचं बारावीचं इतिहासाचं पुस्तक माझं दोनदा वाचून झालंय. दिल्लीला बी.ए. करायचा विचार आहे. सीयूईटीला हे पुस्तक पुरेल का?
— बारावी कला, मराठी माध्यम, लातूर

नाही पुरणार, आणि हे जितक्या लवकर कळेल तितकं बरं. आपलं बारावीचं पुस्तक युरोपातल्या प्रबोधनापासून सुरू होतं. वसाहतवाद, वसाहतवाद आणि मराठे, सामाजिक-धार्मिक सुधारणा, स्वातंत्र्यलढा, महायुद्धं, निर्वसाहतीकरण, शीतयुद्ध असं करत ते 'बदलत्या भारता'पाशी संपतं. सीयूईटीचा इतिहासाचा पेपर एनसीईआरटीच्या, म्हणजे सीबीएसई शाळांत चालणाऱ्या, बारावीच्या पुस्तकावर बेतलेला असतो. ते तीन भागांत आहे, सुरुवात हडप्पापासून आणि शेवट संविधान सभेपाशी. दोन्ही पुस्तकांवर 'इयत्ता बारावी, इतिहास' असं लिहिलेलं असलं तरी त्यांचा सांधा फक्त इंग्रजी राजवट आणि स्वातंत्र्यलढा एवढ्यापुरता जुळतो. शीतयुद्धाची तयारी कितीही चोख असली तरी या पेपरात तिचा एक गुणही मिळणार नाही.

खरा उपयोग होईल तो तुझ्या अकरावीच्या पुस्तकाचा. हडप्पा, वैदिक काळ, जनपदं, दुसरं नागरीकरण, मौर्य, सातवाहन, दिल्लीची सुलतानशाही, विजयनगर, मुघल हे सगळं त्यात आहे. रद्दीत गेलं असेल तर परत मिळव. एनसीईआरटीचा पहिला भाग उघडण्याआधी त्यातली तेवढी प्रकरणं मराठीत वाचून घेतलीस तर नावं ओळखीची होतात आणि इंग्रजी किंवा हिंदी मजकूर निम्मा सोपा होतो.

एक फरक मात्र पानं उलटून लगेच दिसत नाही. आपलं पुस्तक काय घडलं ते सांगतं. एनसीईआरटीचं पुस्तक, ते घडलं हे आपल्याला कशावरून कळलं, यावर जास्त रेंगाळतं. विजयनगरच्या प्रकरणाची सुरुवात हरिहर-बुक्क यांच्यापेक्षा कॉलिन मॅकेन्झी या कंपनीच्या अभियंत्यानं १८०० साली केलेल्या हंपीच्या पाहणीतून होते. मुघलकालीन शेतीचं प्रकरण 'आईन-इ-अकबरी'भोवती फिरतं : अबुल फझलनं त्याचे पाच वेळा फेरखर्डे केले, १५९८ मध्ये ते पूर्ण झालं, त्यात बेरजेच्या चुका आहेत, आणि भाव व मजुरीचे तपशील मुख्यतः आग्रा व आसपासचेच आहेत. आपल्याकडची मुलं हा मजकूर 'प्रस्तावना' समजून ओलांडतात. प्रश्न नेमके तिथलेच येतात.

वाचायचा क्रम पुस्तकाप्रमाणेच हवा असं नाही. आधी तिसरा भाग घे, कारण तो ओळखीचा आहे. मग पहिला. दुसरा भाग शेवटी. फारसी संज्ञांमुळे तो मराठी माध्यमाच्या मुलांना सर्वांत जड जातो, पण तोवर पुस्तकाची लिहिण्याची ढब अंगवळणी पडलेली असते.

मुलीसाठी घेतलेल्या जुन्या मार्गदर्शकात १५ प्रकरणं आहेत, शाळेतल्या पुस्तकात १२. प्रकरणांचे क्रमांकही जुळत नाहीत. कशावर विसंबायचं?
— पालक, सोलापूर

दोन्ही आपापल्या जागी खरे आहेत. मूळ पुस्तकात १५ प्रकरणं होती. नंतरच्या पाठ्यक्रम-कपातीत तीन गळली : मुघल दरबार आणि बखरवजा ग्रंथांचं प्रकरण, वसाहतकालीन शहरांचं प्रकरण आणि फाळणीचं प्रकरण. त्यामुळे पुढच्या प्रकरणांचे क्रमांक सरकले. म्हणूनच प्रकरणाच्या क्रमांकावर नको, नावावर भर द्या.

घोळ असा की सीयूईटीसाठी सुरुवातीला जाहीर झालेल्या अभ्यासक्रमात १५ घटक होते आणि ही तिन्ही प्रकरणं त्यांत होती. तेव्हा मुलगी ज्या वर्षी परीक्षा देणार त्या वर्षीचा इतिहासाचा अभ्यासक्रम ही परीक्षा घेणाऱ्या एनटीएच्या संकेतस्थळावरून उतरवून घ्या, कागदावर छापा आणि पुस्तकाच्या अनुक्रमणिकेशेजारी ठेवून एकेक ओळ ताडून पाहा. जो घटक अभ्यासक्रमात आहे पण नव्या पुस्तकात नाही, तेवढ्यासाठीच जुनी आवृत्ती लागेल. हे काम अर्ध्या तासाचं आहे. क्लासच्या जाहिरातीवर किंवा मैत्रिणीच्या सांगण्यावर ते सोडू नका.

पेपर मराठीतून द्यावा की इंग्रजीतून?
— बारावी कला, रत्नागिरी

सीयूईटी १३ भाषांतून देता येते आणि मराठी त्यांत आहे. अर्ज भरतानाच माध्यम निवडावं लागतं. पण एनसीईआरटीचं पुस्तक इंग्रजी, हिंदी आणि उर्दूत मिळतं, मराठीत नाही. म्हणजे मराठीतून पेपर देणाऱ्याला वाचावं लागतं एका भाषेत आणि उत्तर द्यावं लागतं दुसऱ्या भाषेत. भाषांतरात काही संदिग्ध निघालं तर इंग्रजी प्रश्न प्रमाण धरला जातो, हेही ध्यानात ठेव.

इंग्रजी वाचताना फारसं अडत नसेल तर पेपर इंग्रजीतून दे. अडत असेल तर मराठीच घे, पण संज्ञांची त्रिभाषी वही आजपासून सुरू कर. एकाच गोष्टीला तीन भाषांत तीन अगदी वेगळी नावं असतात आणि मुलं तिथे फसतात. आपण ज्याला कायमधारा म्हणतो तो इंग्रजी पुस्तकात 'परमनंट सेटलमेंट' आणि हिंदी पुस्तकात 'इस्तमरारी बंदोबस्त' असतो. आपली तैनाती फौज म्हणजे 'सब्सिडियरी अलायन्स', हिंदीत 'सहायक संधि'. आपण संस्थान खालसा केलं म्हणतो, हिंदीत त्याचं 'अधिग्रहण' होतं. सविनय कायदेभंगाचा 'सविनय अवज्ञा' होतो आणि 'चले जाव'चं 'भारत छोड़ो'. आहत नाणी मात्र हिंदीतही 'आहत'च असतात.

उलट काही शब्द कुठल्याच भाषेत बदलत नाहीत. ते जसेच्या तसे पाठ करायचे : जोतदार, अमरनायक, खुदकाश्त, पाहिकाश्त, जमा, हासिल, पोलज, परौती, चाचर, बंजर. यांतले शेवटचे चार नेहमी जोड्या लावायला येतात. दरवर्षी पिकणारी आणि कधीच पड न राहणारी ती पोलज. कस भरून येण्यासाठी काही काळ पड ठेवलेली ती परौती. तीन-चार वर्षं पड असलेली चाचर. पाच वर्षं आणि त्याहून जास्त काळ न कसलेली बंजर. 'जमा' म्हणजे ठरवलेला महसूल आणि 'हासिल' म्हणजे प्रत्यक्ष वसूल झालेला. मराठी मुलं इथे हटकून चुकतात, कारण आपल्या बोलण्यात जमा म्हणजे हातात आलेला पैसा. मुघल दप्तरात तो अर्थ नाही.

पुस्तक नीट वाचते, अधोरेखनही करते. तरी सराव प्रश्नसंचात ५० पैकी २२ च बरोबर येतात. कुठे चुकतंय?
— अमरावती

बहुधा अधोरेखनातच. पानावरच्या वीस ओळी पिवळ्या केल्या की कुठली महत्त्वाची हे पुन्हा कळेनासं होतं. शिवाय या पेपरातले प्रश्न 'हे काय होतं' असे सरळ क्वचितच येतात. जोड्या लावा, कालक्रम लावा, दोन विधानं देऊन कुठलं बरोबर, विधान आणि कारण, आणि उताऱ्यावरचे चार-पाच प्रश्न असे त्यांचे साचे आहेत. तेव्हा टिपणंही त्याच साच्यांत काढायची. एका प्रकरणाला तीन बैठका दे.

पहिल्या बैठकीत फक्त वाच. पेन्सिल नको. प्रकरण कुठल्या साधनावर उभं आहे एवढंच शेवटी एका वाक्यात लिही. दुसऱ्या बैठकीत चौकटीतले उतारे, चित्रांखालच्या ओळी आणि प्रकरणाच्या अखेरीची कालरेषा घे. बरेच जण या तिन्ही गोष्टी सोडतात, आणि उताऱ्याचे प्रश्न चौकटींवरूनच बेततात. प्रत्येक चौकटीपुढे चार गोष्टी लिहायच्या : कोणी लिहिलं, कधी, कोणासाठी, आणि लिहिणाऱ्याचा कल कुठे होता. तिसऱ्या बैठकीत पुस्तक बंद करून एका कागदाच्या तीन रकान्यांत आठवेल ते उतरव : व्यक्ती आणि तिचं काम, संज्ञा आणि अर्थ, घटना आणि साल. मग पुस्तक उघडून राहिलेलं लाल शाईनं भर. उजळणीला तेवढंच लाल वाचायचं.

उदाहरण आपल्याच मुलखातलं घेऊ. वसाहतकालीन ग्रामीण भागावरच्या प्रकरणात दख्खनच्या दंग्यांचा भाग आहे. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुपे इथे रयत जमली आणि सावकारांवर तुटून पडली. त्यांनी वह्या आणि कर्जरोखे मागितले, वह्या जाळल्या, धान्याची दुकानं लुटली. पुण्याहून लोण अहमदनगरला गेलं आणि दोन महिन्यांत सुमारे ६,५०० चौरस किलोमीटरच्या टापूत तीसहून अधिक गावांत पोचलं. इतकं सगळ्यांना येतं. पण पेपर विचारतो त्यामागची साखळी, आणि ती अशी लावायची :

१८१८ नंतर मुंबई दख्खनमध्ये रयतवारी, म्हणजे थेट शेतकऱ्याकडून सारा घेण्याची पद्धत, आली आणि १८२० च्या दशकातली पहिली आकारणी डोईजड ठरली. १८३२–३४ चा दुष्काळ पडला. पुढे १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिथला कापूस ब्रिटनला मिळेना, आणि १८६२ पर्यंत ब्रिटनच्या कापूस आयातीतला ९० टक्क्यांहून जास्त वाटा भारताचा झाला. सावकार मागाल तेवढं कर्ज देऊ लागले. १८६५ मध्ये युद्ध संपलं, मागणी घसरली, सावकारांनी हात आखडला. नेमक्या त्याच सुमारास नव्या आकारणीत महसूल ५० ते १०० टक्क्यांनी वाढला. यात १८५९ चा मुदतीचा कायदा मिसळ : कर्जरोखा तीनच वर्षं ग्राह्य. हा कायदा व्याजावर व्याज चढू नये म्हणून केला होता. सावकारांनी तो उलटा फिरवला आणि दर तीन वर्षांनी थकलेलं व्याज मुद्दलात घालून नवा रोखा लिहून घ्यायला सुरुवात केली.

आता यातून प्रश्न कसे निघतात पाहा. कालक्रम : मुदतीचा कायदा, अमेरिकी युद्धाची सुरुवात, युद्धाचा शेवट, सुपे. कायदा युद्धाआधीचा आहे, आणि बहुतेक मुलं तो दंग्यांनंतरचा समजतात, कारण दंग्यांनंतर १८७९ मध्ये आलेला शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा त्यांच्या डोक्यात असतो. विधान-कारण : कायदा रयतेच्या भल्यासाठी होता हे खरं, त्यानं रयतेचं भलं झालं हे खोटं. आणि साधनाचा प्रश्न : १८७८ मध्ये ब्रिटिश संसदेपुढे ठेवलेल्या दंगा आयोगाच्या अहवालानं दोष कोणावर ठेवला? सावकारांवर. सरकारी महसुलाची मागणी हे कारण आहे का हे तपासायला आयोगाला मुद्दाम सांगितलं होतं आणि आयोगानं 'नाही' म्हटलं. पुस्तकाचा रोख हा की सरकारी अहवाल सरकारला दोषी धरायला सहसा तयार नसतात. हे कळलं की कंपनीच्या कारभारावर ब्रिटिश संसदेपुढे आलेल्या १८१३ च्या 'पाचव्या अहवाला'वरचे प्रश्नही सुटतात.

सनावळ्या अजिबात लक्षात राहत नाहीत. काही युक्ती?
— नांदेड, धुळे, बेळगाव इथून आलेली पत्रं

सगळ्या लक्षात ठेवायच्या नाहीतच. प्रत्येक प्रकरणातल्या दहा-बारा पुरेत, आणि त्यांतही साल येण्यापेक्षा आधी काय नंतर काय हे येणं महत्त्वाचं. कालक्रमाच्या प्रश्नात चार गोष्टींपैकी पहिली आणि शेवटची पक्की ठाऊक असली तर बहुतेक वेळा एकच पर्याय उरतो.

इ.स.पूर्वचा हिशेब मात्र पक्का कर. इ.स.पू. सहावं शतक म्हणजे ६०० ते ५०१, आणि मोठा आकडा आधीचा. घाईत इथे बरोबर येणारं उत्तर उलटं लागतं.

काही माळा तयारच आहेत. हडप्पा संशोधनाची : १८७५ मध्ये कनिंगहॅमचा हडप्पाच्या मुद्रेवरचा अहवाल, १९२१ मध्ये हडप्पाचं उत्खनन सुरू, १९२४ मध्ये नवी संस्कृती सापडल्याची मार्शलची घोषणा, १९४६ मध्ये व्हीलर हडप्पाला, १९५५ मध्ये एस. आर. राव लोथलला, १९६० मध्ये बी. बी. लाल आणि बी. के. थापर कालीबंगनला, १९९० मध्ये आर. एस. बिश्त धोलावीराला. विजयनगरच्या घराण्यांची : संगम १४८५ पर्यंत, मग साळुव, १५०३ पासून तुळुव, १५४२ पर्यंत सत्ता अरविडूंकडे गेलेली. कृष्णदेवराय तुळुव, १५०९ ते १५२९, त्यामुळे १५६५ च्या तालिकोटच्या लढाईत तो असूच शकत नाही. प्रवाशांची : अल्बेरुनी अकराव्या शतकात, इब्न बतूता चौदाव्या, बर्निए सतराव्या. विजयनगरला आलेल्यांत निकोलो काँटी, अब्दुर रझ्झाक आणि निकितिन पंधराव्या शतकातले, तर बार्बोसा, पाएस आणि नुनीज हे पोर्तुगीज सोळाव्या. हे सहा आणि वरचे तिघे एकाच यादीत मिसळून विचारले की गोंधळ उडतो. म्हणून नऊही नावं एका कागदावर शतकवार लिहून भिंतीला लाव.

मराठ्यांचा इतिहास किती येतो? तो आमचा हक्काचा भाग.
— बडोदे

हक्काचा खरा, पण या पुस्तकात त्याला स्वतंत्र प्रकरण नाही. तो अभ्यास बारावीच्या परीक्षेसाठी ठेवा. महाराष्ट्राचे धागे मात्र जागोजागी आहेत आणि मराठी मुलाला ते इतरांपेक्षा लवकर लक्षात राहायला हवेत. नाशिकच्या लेण्यातल्या लेखातला गौतमीपुत्र सातकर्णी : स्वतःला अद्वितीय ब्राह्मण आणि क्षत्रियांचा गर्व उतरवणारा म्हणवतो, नाव आईच्या नावावरून लावतो. 'आईचं नाव, म्हणून सत्ता आईकडून' हे विधान आलं तर ते चूक, कारण गादी बापाकडूनच मुलाकडे जात होती. हा सापळा जुना आहे. दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी प्रभावतीगुप्ता वाकाटकांच्या घरात दिलेली, आणि तिनं जमीन दान केली. स्त्रीला जमिनीवर हक्क नसावा असं धर्मशास्त्र सांगत असता हे घडलं, म्हणून तो ताम्रपट महत्त्वाचा. इब्न बतूतानं वर्णन केलेला दौलताबादचा गाणाऱ्यांचा बाजार, तरबाबाद. सुप्याचं वर आलंच. १९४२ च्या चळवळीतून उभं राहिलेलं साताऱ्याचं प्रतिसरकार, ज्याच्या जोडीला पुस्तक बंगालमधलं मेदिनीपूर देतं.

आणि पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेतली महाभारताची चिकित्सक आवृत्ती. सामाजिक इतिहासाचं अख्खं प्रकरण तिच्यावर बेतलं आहे : १९१९ मध्ये सुरुवात, विष्णू सीताराम सुकथनकरांचं नाव, ४७ वर्षांचं काम, सुमारे १३,००० पानं आणि त्यातली निम्म्याहून जास्त पाठभेदांची. या चार तपशिलांपैकी एखादा कुठल्याही वर्षी विचारला जाऊ शकतो.

नकाशा पाठ करावा लागतो का?
— जळगाव

रेखाटायचा नसतो, पण स्थळ आणि प्रदेश यांच्या जोड्या येतात. हडप्पाकालीन स्थळांपैकी लोथल, धोलावीरा, नागेश्वर गुजरातेत, कालीबंगन राजस्थानात, बनावली, राखीगढी हरियाणात, हडप्पा, मोहेंजोदडो, चन्हुदडो, बालाकोट पाकिस्तानात, शोर्तुघई अफगाणिस्तानात. जोडीला तिथे काय मिळालं तेही ठेव : कालीबंगनला नांगरलेलं शेत, बनावलीला मातीचा नांगर, नागेश्वर आणि बालाकोटला शंखकाम, शोर्तुघईला नीलाश्म. विटांचं प्रमाण उंची, रुंदी, लांबी असं १ : २ : ४. पर्यायांत ते ४ : २ : १ असं उलटं आलं तर मागितलेला क्रम आधी वाच.

निगेटिव्ह मार्किंग आहे म्हणून क्लासमध्ये सांगतात, शंका असली तर प्रश्न सोडा. बरोबर आहे का?
— पिंपरी

हिशेब केला तर नाही. आधी पेपरचं रूप बघ, कारण ते बदललं आहे. पहिली तीन वर्षं ५० पैकी ४० प्रश्न सोडवायचे आणि ४५ मिनिटं असत. २०२५ पासून ५० च्या ५० सोडवायचे, ६० मिनिटं, बरोबर उत्तराला ५, चुकीच्याला वजा १, एकूण २५० गुण. बाजारातले पुष्कळ सराव संच अजून जुन्या साच्याचे आहेत, घेताना पाहून घे. तुझ्या वर्षीची माहितीपुस्तिका येईल तेव्हा हे आकडे पुन्हा ताड.

आता गणित. काहीच ठाऊक नसताना चारातला एक पर्याय डोळे मिटून लावला, तर सरासरी चारांपैकी एक बरोबर म्हणजे अधिक ५, तीन चूक म्हणजे वजा ३. चार प्रश्नांत २ गुणांचा फायदा, प्रश्नामागे अर्धा. एक पर्याय खात्रीनं बाद करता आला तर प्रश्नामागे सरासरी १, दोन बाद करता आले तर २. समजा आठ प्रश्नांत दोन-दोन पर्याय गाळता आले : चार बरोबर, चार चूक, २० वजा ४, म्हणजे १६ गुण. ते सोडणाऱ्याच्या पदरात शून्य. क्लासचा सल्ला जिथे चुकीला जास्त कापतात त्या परीक्षांना लागू पडतो. इथे चुकलेल्या उत्तराचं मोल बरोबरच्या पाचव्या हिश्शाचं आहे, म्हणून एकही प्रश्न कोरा ठेवू नकोस. अट एकच, अंदाजाचे प्रश्न शेवटी घ्यायचे. अंदाज स्वस्त असला तरी त्यावर दोन मिनिटं घालवणं महाग पडतं.

प्रश्नामागे ७२ सेकंद मिळतात. सरळ प्रश्न वीस-पंचवीस सेकंदांत होतो, जोड्या आणि उतारे तिथे वाचवलेला वेळ खातात. जोड्यांत चारही जुळवत बसू नको. खात्रीची एक जोडी धर, ती ज्या पर्यायांत नाही ते उडव, मग दुसरी. दोन जोड्यांतच बहुतेक वेळा उत्तर सापडतं. उताऱ्यात आधी प्रश्न वाच, मग उतारा. अर्धे प्रश्न उताऱ्याबाहेरचे, पुस्तकातले असतात.

परीक्षेला दहा आठवडे आहेत, मधे बारावीची बोर्डाची परीक्षा. जमेल?
— कराड

जमेल, दोन्ही अभ्यास एकत्र करायचा हट्ट धरला नाही तर. बोर्डाचे तीन-चार आठवडे एनसीईआरटी बाजूला ठेव, फक्त संज्ञांची वही रोज दहा मिनिटं चाळ. उरलेल्या सहा आठवड्यांपैकी चार आठवड्यांत बारा प्रकरणं, आठवड्याला तीन. त्यांतलं गांधीजींचं आणि संविधान सभेचं प्रकरण तुला लवकर उरकेल, वाचलेला वेळ भक्ती-सूफी आणि शेतीच्या प्रकरणांना दे. भक्ती-सूफीमध्ये नावं सर्वांत जास्त आहेत : अळवार, नायनार, वीरशैव, चिश्ती परंपरेतले पाच पीर आणि त्यांचे दर्गे. त्याला एकट्यालाच दोन दिवस लागतात. शेवटच्या दोन आठवड्यांत दिवसाआड एक पूर्ण सराव पेपर, घड्याळ लावून, आणि तोही संगणकावर. कागदावरचा सराव इथे निम्माच कामाचा, पडद्यावर लांब उतारा वाचायची सवय वेगळी असते.

पेपरानंतर तासभर चुका पाहायच्या, आणि प्रत्येक चुकीपुढे कारण लिहायचं : माहीत नव्हतं, गोंधळलो, की प्रश्न नीट वाचला नाही. तिसऱ्या प्रकारच्या चुका सुरुवातीला थक्क व्हावं इतक्या निघतात. 'खालीलपैकी कोणते विधान बरोबर नाही' यातलं 'नाही' डोळ्यांआड जातं.

उत्तर निवडून 'पुन्हा पाहायचं' अशी खूण केली आणि परत पाहायचं राहून गेलं, तर गुण जातात का? आणि उत्तरसूचीत चूक वाटली तर काय करायचं?
— नागपूर

उत्तर निवडून, जतन करून खूण केली असेल तर ते तपासलं जातं. उत्तर न निवडता नुसती खूण केली असेल तर तो प्रश्न न सोडवलेला धरतात. शेवटची तीन मिनिटं पडद्याच्या कडेच्या प्रश्नक्रमांकांच्या चौकटीवर नजर टाकायला राखून ठेव.

तात्पुरती उत्तरसूची आली की ठरावीक मुदतीत हरकत घेता येते. त्यासाठी आतापर्यंत प्रश्नामागे २०० रुपये भरावे लागले आहेत आणि ते परत मिळत नाहीत. त्यामुळे 'मला असं वाटतं' एवढ्यावर हरकत घेऊ नको. एनसीईआरटीच्या सध्याच्या आवृत्तीतलं ते पान, ओळीवर खूण करून, पीडीएफच्या रूपात जोड. पुरावा राज्य मंडळाच्या पुस्तकातला किंवा बाजारातल्या मार्गदर्शकातला असेल, तर २०० रुपये खर्च करण्याआधी तोच तपशील एनसीईआरटीत शोधून बघ. तिथे वेगळा असेल तर हरकत टिकणार नाही.